खंडेनवमीला विझलेल्या चाली

मित्रांनो, ही गोष्ट १९९४ सालची. मी एक जुना कीबोर्ड आहे, पण तेव्हा परदेशात, बिशान नावाच्या वस्तीतल्या आमच्या फ्लॅटमध्ये माझा मोठा थाट होता. शामकांतने जहाजावरची इंजिनिअरची नोकरी सोडली आणि टीव्ही मालिकांना संगीत द्यायला मला घरी आणले. चाल सुचली की तो ती माझ्या मेमरीत ठेवायचा. हॉकर सेंटरमधला, म्हणजे तिथल्या खाऊगल्लीतला, कॉफीवालाही आमची एक धून गुणगुणायचा.

मग त्याला पहिला चित्रपट मिळाला. बासऱ्या, व्हायोलिने, ताल, सगळे त्याने माझ्या पोटात रचले आणि नेमकी माझी आतली बॅटरी संपली. आता वीज गेली की सगळे पुसले जाणार होते.

"सुचित्रा, याचा प्लग काढू नकोस," तो बायकोला म्हणाला. "उद्या स्टुडिओतला माणूस घरी येऊन सगळं टेपवर घेणार आहे."

पुण्याहून आलेल्या त्याच्या आईला, आशालताबाईंना, हे सांगायचे राहिले.

दुसऱ्या दिवशी खंडेनवमी होती. शामकांत त्या माणसाला आणायला गेला होता, सुचित्रा ऑफिसात होती. आजी हळदकुंकू, फूल आणि पाणी घेऊन माझ्यासमोर आल्या.

"आजी, पाणी कॅनॉट ला! नाही चालत, शॉक बसेल," नात मैत्रेयी म्हणाली.

"कळतं गं मला. सत्तर वर्षं काय नुसते लाडू वळत बसले होते?"

आणि त्यांनी काळजीपूर्वक प्लग काढला.

मला ओरडता येत नाही, मित्रांनो. आवाज निघायला माझ्यावर कुणाचे तरी बोट पडावे लागते. आजींनी फूल वाहिले, हात जोडले. चाली गेल्या, माणसे मात्र आठवतात.

त्या माणसाला घेऊन शामकांत आला, त्याने प्लग लावला, एकेक बटण दाबून पाहिले. सगळे रिकामे.

"शाम, पूजा केली हो तुझ्या पेटीची," आजी स्वयंपाकघरातून म्हणाल्या. "आता बघ कशी वाजते."

शामकांतने माझ्यावरचे फूल नीट ठेवले.

"छान केलंस, आई."

सगळे पुन्हा रचायला महिना हवा होता. निर्माता आठवडाभरही थांबला नाही; काम दुसऱ्याकडे गेले. आईला शामकांतने सांगितले, चित्रपटच रखडला.

आमच्यासारख्यांच्या पोटात काय ठेवले आहे, ते घरातल्या सगळ्यांना सांगत जा, मित्रांनो. आम्हाला सांगता येत नाही.

शामकांत तुआसच्या गोदीत नोकरीला लागला आणि तिथूनच निवृत्त झाला. त्याने पुन्हा चित्रपट घेतला नाही. सुचित्राने सासूबाईंना कधीच काही कळू दिले नाही. मैत्रेयी मेलबर्नला असते. मी स्टोअररूममध्ये आहे.

आशालताबाई पुण्यात वारल्या. शेवटपर्यंत दर खंडेनवमीला त्यांचा फोन यायचा, "पेटीला हळदकुंकू लावलंस ना रे?" शामकांत हो म्हणायचा. आणि फोन ठेवून, स्टोअररूमचा दिवा लावून, खरोखरच लावायचा.