मुऱ्हाळ्याचा डबा

भाईदासला मी आजही शिव्या घालतो. वाळूच्या धंद्यात माजलेला माणूस, गावात त्याच्यासमोर कोणी ब्र काढत नाही. आखाजीला, म्हणजे अक्षय तृतीयेला, बहिणीला माहेरी आणायला मुऱ्हाळी म्हणून म्हसावदहून निघालो, तर ह्या मेल्याने गाडी अडवली. डबा उघडला, सांजोऱ्यांखाली फडक्यात गुंडाळलेला गावठी कट्टा घातला आणि म्हणाला, "मुऱ्हाळीना डबा रस्तामा कोणी उघडस नई." विसरवाडीच्या फाट्यावरच्या पानटपरीवर द्यायचा. मी नाही म्हणालो. त्याने मोबाइल पुढे केला. फोटोत माझी बहीण स्वप्नाली ओट्यावर पाणी भरत होती. फोटो त्याच सकाळचा.

तीन वर्षं तिची सासू तिला आखाजीला पाठवत नव्हती. यंदा कसंबसं हो म्हणाली होती. आईने लिंबाला झोका बांधला होता. माझं काय, मी निघालो. मनातून नुसता जळत होतो.

फाट्यावर नाकाबंदी, तीही नेमकी टपरीपाशी. हवालदाराने डब्यावर काठी टेकवली. मी सांगितलं, बहिणीचं मूळ आहे, स्वप्नालीला सासरहून न्यायला चाललोय. तो हसला, जा म्हणाला. टपरीवाला माझ्याकडे बघेना. मग करतो काय, डबा घेऊन सरळ बहिणीच्या दारात.

आणि तिथे मी गाढवपणा केला. नाकाबंदीत तुझं नाव सांगून सुटलो, असं स्वप्नालीला बोलून गेलो आणि डबा ओट्यावर ठेवून पाय धुवायला गेलो. आमच्याकडे मुळाचा डबा दारातच उघडतात, विहिणीच्या हाताने, गल्लीतल्या बायांसमोर. हे मला माहीत नव्हतं का? होतं. पाय पुसेपर्यंत धनुबाईंच्या, म्हणजे स्वप्नालीच्या सासूच्या, हातात कट्टा होता.

समोरच्या झाडाखाली भाईदासचा माणूस उभा होता, सकाळी तो फोटो काढणारा. तो डब्याकडे धावला. बायांनी त्याला चपलांनी झोडला. गाडी टाकून तो उसात पळाला. मी त्याच्या मागे निघालो, तर स्वप्नालीने माझी कॉलर धरली.

"तुले मालूम व्हतं का?"

"व्हतं."

"मंग पोलिससमोर मन्हं नाव कसाले लिधं?"

तुझ्याचसाठी, असं म्हणायचं होतं मला. तीन वर्षं वाट पाहून मिळालेला तिचा सण, त्यात मी कट्टा लपवून आणला होता.

तिने कट्टा परत डब्यात टाकला, डबा उचलला, मला गाडीवर बसवलं, म्हणजे मागे, आणि स्वतः चालवत फाट्यावर आणलं. वाटेत मी तिला सगळं सांगितलं. हवालदारापुढे डबा ठेवला, पोलिसांसमोर भाईदासचं नाव पहिल्यांदा तिनेच घेतलं. हे माझं मूळ नाही, असं लिहून घ्या म्हणाली. पोलिसांनी मला जबाबासाठी बसवून घेतलं.

धनुबाई मागून रिक्षाने आल्या. आता पुन्हा नाही म्हणतात, असं मला वाटलं. त्या सुनेला म्हणाल्या, "जाय वं. पोर मूळ बिगर बी माहेरले जास."

स्वप्नाली माझी गाडी घेऊन एकटीच म्हसावदला गेली. संध्याकाळी आईचा फोन आला. पोर झोक्यावर बसली आहे म्हणाली, आणि विचारलं, तू कुठे आहेस.