वाढत्या पायाचे बूट

मी भिंगरीचा डावा बूट बोलतोय. घाईघाईनं बोलतोय, राग मानू नका. कधी पळावं लागेल याचा नेम नाही.

दुकानात आई म्हणाली होती, "वाढत्या पायाचे द्या, दोन वर्षं बघायला नको." भिंगरी तेव्हा सहा वर्षांची. पुढे कापूस कोंबून मला घालायची आणि फटक फटक वाजवत शाळेत जायची. घरात मात्र मला मज्जाव. "चिखलाचे बूट उंबऱ्याबाहेर!" आई रोज ओरडायची. मला भारी राग यायचा.

मग युद्ध आलं. शाळा बंद झाली आणि आईचा नियम पार उलटा झाला. "बूट काढायचे नाहीत. झोपतानासुद्धा नाही." भोंगा वाजला की तळघरात पळायचं, तिथं नाड्या बांधायला वेळ कुठला? मी चक्क गादीवर चढलो! पण सुख कसलं, सारखा जीव टांगणीला.

त्यात भिंगरीचा पाय वाढत होता. कापूस कधीच निघाला. बोटं दुमडून ती चालायला लागली.

"लंगडतेस का गं?" आईनं विचारलं.

"छे! लंगडी खेळतेय," म्हणाली कार्टी.

खरं कारण मला ठाऊक होतं. नवे बूट मिळायचे पुलापलीकडच्या बाजारात, आणि पुलावर रोज तोफगोळे पडायचे. शेजारच्या काकू तिकडून परतल्याच नव्हत्या. बूट लहान झाले म्हटलं असतं, तर आई लगेच निघाली असती.

भिंगरीच्या अंगठ्याचं रक्त मला लागायचं. मला राहवेना. एका सकाळी तळघराचा जिना उतरताना मी सगळा जोर लावून शिवण सोडली. अंगठा बाहेर!

"अगं गधडे, कधीपासून दुखतंय?"

"तू बाजारात जाऊ नकोस," भिंगरी रडायलाच लागली. "मला नकोत नवे बूट."

आईनं तिला पोटाशी धरलं आणि स्वतःही ढसाढसा रडली. मग भाजीच्या सुरीनं आम्हा दोन्ही बुटांची पुढची तोंडं कापून टाकली. दुखलं, पण बरं वाटलं. आई बाजारात गेली नाही.

आता चार दिवस भोंगा वाजलेला नाही. काल भिंगरी चिखल तुडवत घरात शिरली, तशी आई ओरडली, "बूट बाहेर काढ आधी!"

ओरडली आणि स्वतःच चमकली, हा तर जुनाच नियम! दोघी एकमेकींकडे बघत राहिल्या. भिंगरीनं हळूच आम्हाला काढलं.

तर मी पुन्हा उंबऱ्याबाहेर आहे. पण आईनं आम्हाला रस्त्याकडे तोंड करून ठेवलंय, वेळ आलीच तर पटकन पाय घालता यावेत म्हणून. मला झोप कशी लागणार? कुणीतरी मला घराकडे वळवून ठेवा हो!