थंडीचं बिऱ्हाड

"थंडी गं थंडी, बिऱ्हाड हलव,
घोड्यावर बैस, घाट ओलांड,
माझ्या घरात चूल नाही तुला…"

आईचा तो आवाज झूराकानच्या कानात अजून होता. नुकत्याच कापलेल्या काळ्या मेंढीच्या वाफाळत्या कातड्यात आई गळ्यापर्यंत गुंडाळलेली, कपाळावर घामाचे थेंब, आणि नको असलेल्या पाहुण्याला घरधनिणीनं वाटेला लावावं तसं ते म्हणणं. डोंगरातल्या बाईला कंबरेखाली काहीही झालं की ती थंडीच असायची. ओल्या जमिनीवर बसली, थंडी शिरली. बर्फातून अनवाणी गेली, थंडी शिरली. लहानग्या झूराकाननं विचारलं तेव्हा आई म्हणाली होती, काही नाही गं, थंडी आहे, उतरेल. पुढचं गवत हिरवं व्हायच्या आत आईच गेली. ती थंडी नव्हती, गर्भाशयाच्या तोंडाचा कॅन्सर होता, हे झूराकानला पुष्कळ वर्षांनी कळलं, नर्सिंगच्या वर्गात, भिंतीवरच्या एका चित्राकडे बघताना.

आता ती सासरच्या गावची नर्स होती. उन्हाळ्यात गावात कुणी उरत नसे. सगळ्या बायका घोड्या दोहायला वरच्या कुरणावर, तळ्याकाठी. म्हणून तपासणीची पेटी घोड्यावर लादून ती वर आली होती आणि नवऱ्याच्या तंबूत मुक्कामाला राहून रोज एकेका वस्तीला जात होती. पडदा बांधायचा, पाणी उकळायचं, समजवायचं. या आजाराला पिकायला वर्षं लागतात, बाई. छोट्या ब्रशनं जरासं पुसून काचेवर घेते, दुखत नाही. लवकर सापडला तर शंभरातल्या नव्वद वाचतात. हेच बोलून बोलून तिच्या जिभेला घट्टे पडले होते. बायका हसत, डोक्याच्या रुमालाचं टोक तोंडाशी नेत, दूध उतू जातंय म्हणून पळत. एकीनं तर विचारलं होतं, "ताई, या वयात तिथं काय बघणार? कोळिष्टकं?"

खरी मदत झाली ती सासूची. एनेची. लग्न होऊन आल्यापासून झूराकाननं सासूचं नाव तोंडातून काढलं नव्हतं. इथल्या सुना काढत नाहीत. एने म्हणजे एने. ती बासष्ट वर्षांची बाई दंडाला धरून एकेकीला पडद्यामागे ढकलायची. "लाजतेस कशाला? पाच पोरं काय पत्रानं मागवलीस?" बाया हसत हसत आत यायच्या. पण तिच्याकडे कुणी बोट दाखवलं की एने हात झटकायची. "माझं दुकान कधीच बंद झालं. कुलपाला गंज चढला." झूराकान खाली बघून काचेच्या पट्ट्या पुसत राही. सगळ्या गावाला जे विचारायचं ते सुनेनं सासूला विचारायचं नसतं. एवढी लाज तिच्याही अंगात मुरलेली होती.

संध्याकाळी टेकडावर चढलं की फोन लागे. खालच्या नारिन शहरातून डॉक्टरीणबाई तपासणीची टक्केवारी विचारत. शंभरातल्या सत्तर तरी व्हायला हव्यात, झूराकान. होतील, बाई. फोन ठेवून ती तिथंच दगडावर बसे, पाय सोडून. तळं खाली काळं होत जाई. राहिलेल्या तीस कोण, हे बाई कधी विचारत नसत. त्या तिसांतल्या दोघी एकाच तंबूत झोपत होत्या. एक एने. दुसरी ती स्वतः. गावात ब्रश धरणारा हात एकच होता, आणि तो हात स्वतःची तपासणी करू शकत नव्हता. खाली जाऊ, या वेळी नक्की जाऊ, असं दर शरद ऋतूत ठरायचं आणि गोवऱ्या रचण्यात राहून जायचं.

शेवटच्या वस्तीवरून ती परतली त्या दुपारी तंबूसमोर रक्त मातीत मुरत होतं. नवरा, जानिश, चाकू गवताला पुसत होता. पाहुणे येणार होते का, तिनं विचारलं. नाही, आईला हवी होती मेंढी. काळीच हवी म्हणाली. कातडं गरम असतानाच आत नेलं. गुडघे धरलेत म्हणे.

झूराकान पेटी हातात घेऊन तशीच उभी राहिली. गुडघ्यांना कातडं बांधतात ते दाराशी बसून, गप्पा मारत. एनेनं तर दारावरचा नमदा, लोकरीचा जाड पडदा, खाली सोडला होता, भर दुपारी. मग एकामागून एक गोष्टी आठवू लागल्या. एने आपले कपडे वेगळे घेऊन ओढ्यावर जायची, तेही कुणी उठायच्या आत. खाली गोधडीची दुहेरी घडी घालून बसायची. कुमिसचा, घोडीच्या आंबवलेल्या दुधाचा, वाडगा अर्धा ठेवायची. आपण रोज समोर बसून जेवलो आणि थकव्यानं भाकरीखेरीज काही पाहिलं नाही.

ती आत गेली. एने पडून होती, कातडं कंबरेपासून छातीपर्यंत आवळलेलं, वर दोन गोधड्या. चेहरा लाल, केस कपाळाला चिकटलेले. सुनेला बघून हसली.

"आलीस? बरं झालं. घाम फुटेपर्यंत उठायचं नाही मला. तू म्हण ते थंडीचं. तुझ्या माहेरचं गोड आहे."

झूराकाननं चहा ओतला, वाडगा तिच्या ओठांशी धरला. हात जड झाला होता. एवढी डोंगरवाट, एवढ्या बाया, एवढं बोलणं, आणि शेवटी घरातच, या वासात, या वाफेत येऊन बसायचं होतं. तिच्या तोंडात ते गाणं आलं होतं. पहिली ओळ जिभेवर होती.

"नाही म्हणणार, एने."

"का गं?"

"माझी आई अशीच पडली होती, आणि स्वतःच म्हणत होती. मी उशाशी बसले होते. थंडी नव्हती ती."

एने छताच्या गोल खिडकीकडे बघत राहिली. तिथून उन्हाचा एक तुकडा पडला होता आणि त्यात लोकरीचे तंतू तरंगत होते. बाहेर जानिश कुत्र्याला हाकलत होता.

"मला बांधून ठेवलंय म्हणून बोलून घेतेस होय," ती म्हणाली. आवाजात नेहमीचा चटका नव्हता. मग तिनं विचारलं, "सगळ्यांचं तू बघतेस. तुझं कोण बघतं?"

झूराकाननं वाडगा खाली ठेवला. खोटं बोलायचंही त्राण नव्हतं.

"कोणी नाही. एकदाही नाही."

"असं." एनेनं कातड्यातून हात सोडवला. ओला, मेंढीच्या चरबीनं चिकट हात सुनेच्या मनगटावर आला. "आणि दुनियेला शहाणपण शिकवत फिरतेस."

"तुम्ही आलात तर मीही येते. उद्या घोडी घेऊ, खाली गावातून नारिनची गाडी. तिथली डॉक्टरीणबाई आहे, मी नसेन पडद्यामागे. तुम्हाला माझ्यासमोर लाजावं लागणार नाही."

घाम तिच्या कानामागून उशीत उतरत होता. झूराकान डोक्याच्या रुमालानं तो टिपत राहिली. आणखी एक शब्दही विचारायचा नाही, असं तिनं ठरवलं होतं. आयुष्यभर ती विचारतच आली होती.

मनगटावरची पकड घट्ट झाली. एनेनं तोंड भिंतीकडे वळवलं, जाळीच्या लाकडांकडे, आणि बोलली ती त्या लाकडांशीच बोलल्यासारखी.

"रक्त जातंय, पोरी. मेंढ्या व्याल्या तेव्हापासून."