उर्वशीच्या गुडघ्याचा नारळ

पद्मावतीनं देवळात नारळ नेला तो लेकीच्या गुडघ्यासाठी, आणि गणपत गावकारानं तो फोडला लेकीच्या लग्नासाठी. भांडणाचं मूळ एवढंच.

सुरुवात रीतसर झाली होती. गणपतकाकांनी देवीला गाऱ्हाणं घातलं, की उर्वशी ह्या चेडवाच्या पायाची इजा बरी केलीस, सभामंडपातले पुरुष म्हणाले, "व्हय म्हाराजा." भारताच्या फुटबॉल संघात खेळून तिनं गावाचं नाव केलं, "व्हय म्हाराजा." मग काकांनी मधे श्वाससुद्धा न घेता पुढचं ओवलं.

"आता तिचो खेळ पुरो होवांदे, बरो घोव गावांदे, घरात थिर रवांदे रे म्हाराजा."

"व्हय म्हाराजा." त्यात उर्वशीच्या बापाचा, सहदेवाचा, आवाज सगळ्यांत वर.

शिळा बांगडा कल्ल्यावरून ओळखणारी बाई पद्मावती. हे शब्द काकांचे नव्हेत, तिच्याच घरातून पुरवलेले आहेत, हे तिला तिथंच कळलं.

उर्वशी मधल्या फळीत खेळायची, आणि गावाला ते काम कधी उमगलं नाही. काठमांडूहून येवो की ताश्कंदहून, प्रश्न एकच, गोल किती मारलंस. समोरचीच्या पायातला चेंडू काढून पुढं पळणारीला नेमका द्यायचा. राबणं हिचं, गोल दुसरीच्या नावावर. पद्मावतीला ते कोणी समजावून सांगावं लागलं नाही. मासळी मालवणच्या बाजारात घसा फोडून विकायची तिनं, आणि गाव 'होडीवाले' म्हणायचं सहदेवाला.

गुडघ्यातला बंध तुटला तेव्हा सगळे भेटायला आले. हळहळताना कोणाकोणाचा चेहरा सुटकेनं हलका झालेला दिसला, ते पद्मावतीनं मनात टिपून ठेवलं होतं. पावसाळाभर पोरगी ओल्या पुळणीवर धावली. आता सोमवारी संघाच्या शिबिराला हजर व्हायचं होतं. ह्या खेपेस आली नाहीस तर पुन्हा बोलावणं नाही, असं प्रशिक्षकबाईंनी फोनवर स्पष्ट सांगितलं होतं.

आणि उर्वशी तर खांबापाशी मटकन खाली बसलेली. मैदानावर कोणाच्या बापाला न भिणारी. पण देवीचं पिंजर कपाळाला लावल्याशिवाय कधी खेळायला उतरली नव्हती.

"आये, देवीच्या पायाकडे घातलेला गाऱ्हाणा मोडून मी खंय जाव?"

पद्मावतीच्या डोक्यात तिडीक गेली. ती सहदेवाकडे वळली.

"काकांक लग्नाचा कोणी सांगितल्यान?"

"बापाशीन सांगूक नाय तर कोणी सांगूचा? एक पाय मोडून इली, उद्या दुसरो मोडतलो."

"तिका विचारलंस?"

"देवीक विचारलंय."

"होडयेचा इंजिन बिघाडला म्हणान होडी मोडीत काढलंस कधी? दुरुस्त करून पाण्यात घातलंस मां?"

होडीचं वेगळं, चेडवाचं वेगळं, असं सहदेव पुटपुटला. गणपतकाकांनी निकाल दिला, की गाऱ्हाणं पडलं ते पडलं, आणि बायकांनी देवळात आवाज चढवायचा नाही.

सहदेवाच्या हातात होडीसाठी आणलेला दुसरा नारळ होता. पद्मावतीनं तो हिसकावला, देवीपुढं आपटल्यासारखा ठेवला, आणि कोणी अडवायच्या आत सुरू केलं. आवाज बाजारातला, पण सूर थेट काकांचा. इतकी वर्षं मागं उभं राहून तेवढंच तर ऐकलं होतं.

"बा देवी म्हाराजा, दर्यात गेलेल्यांका सुखरूप घराक हाड."

"व्हय म्हाराजा." सवयीच्या जिभा, त्या कशाला थांबतात.

"गावच्या लेकरांची राखण कर."

"व्हय म्हाराजा."

"चेडवाक न विचारता जा गाऱ्हाणा घातला गेला, ता बाद कर, आणि सोमवारी तिका मैदानार उभी कर रे म्हाराजा."

"व्हय म्हाराजा," अख्खा सभामंडप घुमला. गणपतकाका त्यात होते. त्यांनी जीभ चावली, पण शब्द जायचा तिथं जाऊन पोचला होता. खांबापाशी उर्वशी उठून उभी राहिली.

पद्मावतीचा राग मात्र अजून उतरला नव्हता.

"आणि फुडे जो कोण तिच्या वाटेक आडवो येतलो, तेचो गुडघो तसोच मोडांदे रे म्हाराजा."

आता सगळे सावध झाले. ओठ मिटून एकमेकांकडे बघत राहिले. डोळे मिटून, हात जोडून उभा असलेला सहदेव तेवढा एकटाच म्हणाला,

"व्हय म्हाराजा."