खारातलं फूल

अमरावतीला पेपर तपासायचं काम उरकून मी शनिवारी दुपारी सक्करदऱ्याच्या घरी आले, तर सासूबाई दारातच पडेल चेहऱ्याने उभ्या. या रुखमाबाई एरवी कुणाच्या बापाला भीत नाहीत.

"काहून वं प्रेमिला, थे झोपलं का मेलं? कालपासून तोंडच उघडून नाही राहिलं."

ते म्हणजे समुद्रफूल. नाव फुलाचं, पण जात प्राण्याची. किनाऱ्यावरच्या खडकांत भरतीचं पाणी साठतं, तिथे दगडाला चिकटून राहतं आणि बारीक लाल बोटं पसरून भक्ष्य धरतं. मी मुलींच्या कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवते. आमच्या मुलींनी समुद्रातले प्राणी पाहिले ते फॉर्मॅलिनच्या बाटलीत, पांढरेफटक. एक तरी हलताना दाखवावा, म्हणून रत्नागिरीहून लोणच्याच्या काचेच्या बरणीत हे आणलं होतं. एसटीत आणि रेल्वेत बरणी मांडीवरून खाली ठेवली नव्हती. सोमवारी ते वर्गात न्यायचं होतं.

आता बरणीत दगडावर करवंदाएवढा गोळा होता. मी पाण्यात बोट बुडवून जिभेला लावलं आणि तोंड वाकडं झालं.

"आई, यात मीठ टाकलं का तुमी?"

"मंग? तूच त म्हटलं, बरणीवरल्या रेघेच्या खाली गेलं का पाणी टाकत जा. खारातल्या कैऱ्यायले सादं पाणी टाकलं त बुरशी धरते. मी खारंच टाकत होती."

माझं डोकं तापलं, पण चूक माझीच. साधं पाणी घाला, हे मी सांगितलंच नव्हतं. वाळ्याच्या ताटीमागे गारव्याला ठेवलेल्या बरणीतलं पाणी वाऱ्याने आटायचं, मीठ मात्र आतच राहायचं. त्यात यांची रोजची भर.

एकदम साधं पाणी ओतलं असतं तर ते नक्की मेलं असतं. म्हणून थोडं खारं काढायचं आणि वाटीभर विहिरीचं घालायचं, असं सुरू केलं. रविवारी सासूबाईंनी मला बरणीला हातच लावू दिला नाही. कैऱ्या चिरायच्या तशाच पडल्या होत्या. मधूनमधून त्या चव घेऊन थुंकायच्या आणि मला विचारायच्या, "समुद्र एवढाच खारट राहते ना?"

दिवेलागणीला एक लाल बोट बाहेर आलं. मग दुसरं. सासूबाईंनी कन्हान नदीतल्या झिंग्याचा कण पुढे धरला, तो त्याने ओढून घेतला. त्यांनी पदराने डोळे पुसले. माझ्याही जिवात जीव आला.

सोमवारी त्या रिक्षात माझ्याआधी जाऊन बसल्या, बरणी मांडीवर घेऊन. "तू सांडवशील," म्हणाल्या. वर्गात मुली बरणीवर नुसत्या तुटून पडल्या. एकीने विचारलं, "आजी, तुमी समुद्र पाह्यला का?"

"नाही पाह्यला, माय," सासूबाई खुर्चीत सावरून बसल्या. "पण त्याले मीठ किती लागते, थे मले इचार."