रोशेलची वेणी

सुनेत्राने रोशेलच्या हातातली कात्री हिसकावून घेतली, तोवर एक वेणी बेसिनमध्ये पडली होती. बारीक, घट्ट, टोकाला निळे मणी ओवलेली. दुसरी अर्धवट तुटून कानापाशी लोंबत होती. शेजारची ही आठ वर्षांची पोर सुनेत्राच्या लेकीशी, संहिताशी खेळायला आली होती. दोघी बाथरूममध्ये इतक्या गप्प कशा, म्हणून सुनेत्रा आत डोकावली होती.

"उद्या शाळेत फोटो आहे," रोशेल रडत म्हणाली. "मला हे केस नकोत. संहितासारखे हवेत."

सुनेत्राच्या तळपायाची आग मस्तकात गेली. २००६ साल उजाडलं, तेही रॉटरडॅमसारख्या शहरात, आणि एवढ्याशा जिवाला स्वतःच्या केसांची लाज वाटावी? तिने रोशेलच्या आईला फोन लावला. समोरच्या दारातून म्यूरिएल धावत आली. ती मूळची सुरिनामची, आफ्रिकी वंशाची, इस्पितळात नर्स. सबंध रविवार बसून तिने या वेण्या घातल्या होत्या. बेसिनमधली वेणी उचलून तिने मुठीत धरली.

"लहानपणी आई माझे केस तापलेल्या कंगव्याने सरळ करायची," ती म्हणाली. "कान भाजायचे. हिच्या वाट्याला ते येऊ द्यायचं नाही, असं ठरवलं होतं मी."

"त्या वर्गाच्या बाईच काहीतरी बोलल्या असणार!" सुनेत्रा आपल्या मोडक्यातोडक्या डचमध्ये कडाडली. "सकाळी शाळेत जाऊ. मी येते तुमच्याबरोबर. चांगलं खडसावू."

म्यूरिएलने तिचा हात घट्ट धरला.

सुनेत्रा लेकीकडे वळली. "संहिता, कोण बोललं गं हिला? घाबरू नकोस, सांग."

संहिताला मराठी कळायचं, पण उत्तर ती डचमध्येच द्यायची. आजही तिने तसंच दिलं.

"तूच, आई. फोनवर मावशीला म्हणालीस ना, पोरगी गोड आहे, पण केस म्हणजे नुसता काथ्या. आणि हिच्याकडे बघून हसलीस. हिने मला अर्थ विचारला. मला डच शब्द येईना, म्हणून मी दारातलं पायपुसणं दाखवलं."

मराठी इथे कुणाला कळतंय, या भरवशावर सुनेत्रा तेव्हा खुशाल बोलली होती.

म्यूरिएलने सुनेत्राचा हात सोडला. गळ्यातला स्कार्फ काढून लेकीच्या डोक्याला बांधला. दाराशी पोचल्यावर तिने एकदा खाली पाहिलं, रोशेलला कडेवर उचललं आणि पायपुसणं ओलांडून बाहेर पडली.