पालखीचा प्रसंग

"आज आवाज जरा ओला ठेव," थेटरच्या मागच्या दाराशी गेनझो थोरल्या लेकीला, इनेला सांगत होता. "नुईला आणलंय. दारूभट्टीवाले ओकुरा शेजारीच बसलेत. घरासाठी पोरगी कशी नांदायला जाते, ते तिला दिसू दे."

"ओकुरा तुमच्या वयाचे आहेत, बाबा."

"मग? तुमच्या भावाला नोकरी कोण देतंय? रोज लोकांना हेच तर सांगतेस तू. आता मला अक्कल शिकवू नकोस."

हे मात्र खरं होतं. मूकपटांचा जमाना, पडद्यावरची माणसं नुसतेच ओठ हलवायची. त्यांना बोल द्यायचं काम इनेचं. सामुराईची मुलगी तिच्या तोंडून 'बाबा, तुमची आज्ञा' म्हणाली की बायका बाह्यांनी डोळे पुसायच्या. त्या रडण्यावरच थेटर चालायचं.

इने पडद्याशेजारी उभी राहिली. शामिसेनच्या तारा वाजू लागल्या. गेनझो आणि ओकुरा, दोघा म्हाताऱ्यांच्या मधे धाकटी नुई मान खाली घालून बसली होती.

पालखीचा प्रसंग आला. पडद्यावर मुलीला न्यायला दारात पालखी उभी राहिली. मुलीनं बापापुढे कपाळ टेकलं, तिचे ओठ हलले.

"बाबा," इने म्हणाली, "वाढवलंत, त्याचा हा नमस्कार. पण मी घरातलं भांडं नव्हे, अडीनडीला कुणाच्याही दारात नेऊन ठेवायला. पालखी मीच बोलावलीय. मी मावशीकडे चालले."

पडद्यावरच्या मुलीला मावशी नव्हतीच. नुईला होती, आणि मावशीच्या गावची गाडी अजून सुटायची होती.

शामिसेन अडखळलं. "बरं झालं बाई," मागून एक म्हातारी म्हणाली. "इतके दिवस बसलीच कशाला होती?" सारं थेटर हसलं.

गेनझो उठला. "खोटं आहे. तसं नाहीच ते."

"चित्र तेच आहे, बाबा. बघा, पोरगी निघाली."

नुई वळली, तिनं बापापुढे कपाळ टेकलं आणि ती दाराकडे चालू लागली. ओकुरा पुटपुटले, "तुमची थोरली भलतीच तोंडाळ निघाली."

मालक पडद्याआडून फुसफुसला, "उद्यापासून येऊ नकोस."

"नाही येत. आजचा खेळ तेवढा पुरा करते."

आणि केला.

खेळ सुटला तेव्हा दाराशी नुईच्या खडावा नव्हत्या. स्टेशनाकडून शिट्टी ऐकू आली. गेनझो उंबऱ्यावर थिजून उभा होता. इने वाकली. आई गेल्यापासून रोज घरी ठेवायची, तशा तिनं त्याच्या खडावा बाहेर तोंड करून जोडून ठेवल्या.

"चला बाबा. भात गार होईल."

गेनझोनं खडावांकडे बघितलं. मग त्यानं एक पाय घातला.